धनंजय कीरांसारखा चरित्रकार आपल्या गोव्याच्या पुढाऱ्यांना कधी मिळणार?

गुरुजी_फोंडा

नमस्कार मंडळी.

मी फोंड्याचा. तेहतीस वर्षं हायस्कुलात इतिहास शिकवला, आता निवृत्त आहे. गेली चार वर्षं आमच्या भागातल्या एका दिवंगत पुढाऱ्याचं चरित्र लिहितोय. गोव्याचे पहिले मुख्यमंत्री भाऊसाहेब बांदोडकर यांच्या काळातला माणूस, त्यांच्या मगोचा (महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाचा) कार्यकर्ता. नाव घेत नाही, कारण घरची माणसं हयात आहेत आणि माझी अडचण त्यांच्याशीच आहे.

त्यांच्या मुलाने दोन लोखंडी पेट्या भरून कागद माझ्या स्वाधीन केले. पत्रं, सभांची हँडबिलं, हिशेबाच्या वह्या, सगळं. चार वर्षांत मी ते वाचून काढलं. गेल्या महिन्यात पहिली आठ प्रकरणं घरी नेऊन दिली, तर निरोप आला की १९६७ चा भाग काढून टाका. गोवा महाराष्ट्रात विलीन व्हावा की वेगळा संघप्रदेश राहावा, या जनमत कौलाच्या वेळी हे फुलाच्या (विलीनीकरणाच्या) बाजूने आणि थोरले भाऊ दोन पानांच्या (वेगळं राहण्याच्या) बाजूने. एकाच घरात दोन चुली झाल्या, मधल्या दाराला कडी लागली. त्यावर एक ओळही नको म्हणतात. वहिनी (त्यांच्या पत्नी, वय नव्वदीला टेकलेलं) मला एवढंच म्हणाल्या, "तें वर्स सोड आनी बाकीचें बरय." (ते वर्ष सोड आणि बाकीचं लिही.)

आता सांगा, १९६७ सोडून गोव्यातल्या राजकारणी माणसाचं चरित्र लिहायचं कसं?

मी धनंजय कीर वाचत मोठा झालो. सावरकर, आंबेडकर, टिळक, फुले, गांधी, शाहू महाराज, एवढ्या सगळ्यांची चरित्रं एका माणसाने लिहिली, तीही मुंबई महापालिकेत नोकरी करून. त्यातले दोघे तर पुस्तक आलं तेव्हा हयात होते. त्यांनी हे कसं निभावलं असेल? जाणकारांनी लिहावं.

---

पेडण्याचो_पूत

गुरुजी, अट मान्य करू नका. आमच्या पेडण्यात त्या वेळी घराघरावर फूल रंगवलेलं होतं असं आजोबा सांगायचे. ते काढलं तर उरतं काय? जन्म, शिक्षण, सत्कार.

---

सुमती_मडगाव

आमच्या सासष्टीत त्याच्या उलट. माझ्या आईने दोन पानांवर शिक्का मारला आणि शेवटपर्यंत अभिमानाने सांगितलं. पण गुरुजी, घरच्यांचंही ऐका. कागद त्यांनी विश्वासाने दिलेत. पेट्या घेताना तुमचं काय बोलणं झालं होतं? तेव्हा अट नव्हती का?

---

गुरुजी_फोंडा

सुमतीताई, अट काही नव्हती. "बाबांवर चांगलं पुस्तक व्हावं" एवढंच बोलणं. आता कळतं की "चांगलं" या शब्दाचा अर्थ दोघांनी वेगवेगळा घेतला होता. तेव्हाच लिहून घ्यायला हवं होतं.

---

रत्नांग्रीकर

कीर आमच्या रत्नागिरीचे, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

जन्म १९१३ चा. मूळ नाव अनंत विठ्ठल कीर, धनंजय हे नाव लिहिण्यासाठी घेतलेलं. आता हिशेब करा. सावरकर रत्नागिरीत स्थानबद्ध होते १९२४ ते १९३७. म्हणजे कीर अकरा वर्षांचे असल्यापासून हा माणूस त्यांच्याच गावात. १९३१ साली सावरकरांच्या पुढाकाराने सर्व जातींना खुलं असलेलं पतितपावन मंदिर उभं राहिलं, भागोजीशेठ कीरांच्या पैशाने. धनंजय कीर तेव्हा अठराचे. चरित्रनायक त्यांना आधी गावात भेटला, कागदांत नंतर. मला वाटतं त्यांच्या सगळ्या लेखनाचं मूळ इथे आहे.

सावरकरांवरचं पुस्तक आलं १९५० मध्ये. काळ पाहा. गांधीहत्येच्या खटल्यातून सावरकर १९४९ च्या फेब्रुवारीत निर्दोष सुटले होते. अशा वेळी त्यांचं चरित्र छापायला काय लागत असेल! आणि चारच वर्षांनी, १९५४ मध्ये, आंबेडकरांचं. ही दोन्ही मूळ इंग्रजीत. मग १९५९ ला टिळक, १९६४ ला फुले, १९७३ ला गांधी. १९७१ मध्ये पद्मभूषण मिळालं. १९८४ मध्ये गेले. आत्मचरित्राचं नाव ठेवलं 'कृतज्ञ मी कृतार्थ मी'.

हे विद्यापीठातले प्राध्यापक नव्हते. पाठीशी संस्था नाही, मदतनीस नाही. दिवसा कचेरी आणि उरलेल्या वेळात ग्रंथालय.

---

जुना_वाचक

रत्नांग्रीकर, माहिती उत्तम. कीरांबद्दल आदर मलाही आहे. पण गुरुजींच्या प्रश्नाला त्यांचा नमुना कितपत उपयोगी पडेल, याची शंका आहे.

इंग्रजी पुस्तकांची उपशीर्षकं बघा. टिळक स्वातंत्र्यलढ्याचे जनक, फुले सामाजिक क्रांतीचे जनक. ज्याच्यावर लिहायचं त्याला मुखपृष्ठावरच आसन दिलेलं. घटना आणि तारखा यांसाठी मी आजही कीर उघडतो. पण नायकाला आडवा प्रश्न विचारलाय, असं क्वचित जाणवतं. त्या बाबतीत मला इतिहासकार य. दि. फडके जवळचे. फडके एकेका वादाचे दोन्ही बाजूंचे कागद समोर ठेवतात आणि मग निवाडा देतात, तोही कोणाची भीड न ठेवता. गुरुजींच्या १९६७ ला फडक्यांची रीत लागू पडेल.

---

रत्नांग्रीकर

जुना_वाचक, तुमचा मुद्दा अर्धा मान्य. पण एक गोष्ट विसरू नका. सावरकर आणि आंबेडकर, टिळक आणि शाहू, टिळक आणि फुले, ही माणसं एका पंगतीत बसणारी होती का? वेदोक्ताच्या वादात (शाहूंना वैदिक विधींचा अधिकार आहे की नाही, या) टिळक एका बाजूला, शाहू महाराज दुसऱ्या बाजूला. कीरांनी दोघांवरही लिहिलं. एका नायकाचा भक्त असता तर दुसऱ्याकडे वळलाच नसता. प्रत्येक पुस्तकात ते नायकाच्या बाजूला उभे आहेत हे खरं, पण सगळी पुस्तकं एका फळीवर ठेवा, म्हणजे महाराष्ट्राचा आपसातला वाद आपोआप उभा राहतो. एका माणसाने एवढ्या परस्परविरोधी घरांत जाऊन प्रत्येक घरचं मीठ चाखलं. गोव्यात असं कोणी केलंय? भाऊसाहेबांवरही लिहिलं आणि विलीनीकरणाला विरोध करणाऱ्यांचे नेते जॅक सिक्वेरा यांच्यावरही तितक्याच आस्थेने लिहिलं, असा माणूस मला तरी ठाऊक नाही.

---

डिचोलीची_लेक

वरचा शेवटचा परिच्छेद वाचून अंगावर काटा आला. अगदी हेच. आमच्याकडे भाऊंची बाजू लिहिणारे वेगळे, सिक्वेरांची बाजू लिहिणारे वेगळे, आणि दोघं एकमेकांचं वाचतही नाहीत.

---

बार्देशकार

विषय निघालाच आहे तर विचारतो. गोंयच्या फुडाऱ्याचें चरित्र कोंकणींत कित्याक न्हय? घरात कोकणी बोललेला माणूस पुस्तकात मराठी का बोलतो?

---

पेडण्याचो_पूत

झालं सुरू. भाऊसाहेब सभेत मराठीत बोलत. त्यांची भाषा कोणती हे आता तुम्ही ठरवणार?

---

बार्देशकार

मी भाऊसाहेबांचं नाव तरी घेतलं का?

---

संचालक

मंडळी, भाषेच्या वादासाठी वेगळा धागा आहे आणि त्याने दोनशेचा पल्ला कधीच ओलांडलाय. इथे चरित्रलेखनावरच लिहा ही विनंती. बार्देशकारांच्या प्रश्नाचा दुसरा भाग मात्र विषयाला धरून आहे.

---

सुमती_मडगाव

संचालकांशी सहमत. घरच्या संवादांचं काय करायचं, हा चरित्रकाराचा खरा प्रश्न आहे. गुरुजींनी वहिनींचं वाक्य वर कोकणीतच दिलंय, मला तेच योग्य वाटतं. त्याचं मराठी केलं असतं तर वहिनी राहिल्या नसत्या.

आणि १९६७ बद्दल बाहेरच्यांना, अगदी आमच्या मुलांनाही, माहीत नसलेली एक गोष्ट. विलीनीकरणाच्या विरोधातला मोठा प्रचार मराठीतूनच झाला. मडगावचं 'राष्ट्रमत' मराठी दैनिक होतं आणि विलीनीकरणाच्या विरोधात उभं होतं. उदय भेंब्रे यांचं 'ब्रह्मास्त्र' हे सदर त्यातलंच. आमच्या घरी ते मोठ्याने वाचलं जायचं. म्हणजे मराठी वाचणारा तो फुलाचा, असं समीकरण मांडता येत नाही. गुरुजींच्या पुढाऱ्याचे थोरले भाऊ काय वाचत होते, तेही शोधा.

---

कागदांचा_सोबती

गुरुजी, कामाचं सांगतो. अशा कामात माझी बरीच वर्षं गेली.

नुसत्या घरच्या पेट्यांवर विसंबू नका. पणजीला पाटोवरच्या कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात जाऊन जुनी दैनिकं मागा. संस्था १८३२ पासूनची आहे, गोंयकारांनी तिचा करावा तितका उपयोग केलेला नाही. जानेवारी १९६७ चे 'गोमन्तक' आणि 'राष्ट्रमत' शेजारी शेजारी ठेवून तारीखवार वाचा. 'गोमन्तक' १९६२ च्या मार्चमध्ये सुरू झाला आणि तो विलीनीकरणाच्या बाजूचा. त्याच दिवसाची तीच सभा दोन्हीकडे बघा. एकाकडे माणसांचा समुद्र, दुसऱ्याकडे चार ओळींची बातमी. खरी सभा या दोहोंच्या मध्ये कुठेतरी असते.

दुसरं, तुमचा माणूस मुक्तीपूर्वी चळवळीत होता का? असेल तर पोर्तुगीजांच्या गुप्त पोलिसांनी, पीडने, त्याच्यावर काही लिहून ठेवलेलं असण्याची शक्यता आहे. पीडचं दप्तर लिस्बनच्या तोर्रे दो तोंबो अभिलेखागारात आहे. शत्रूने ठेवलेली नोंद फार उपयोगी असते. घरचे लोक गुण लिहितात, खबऱ्या मात्र कोण कोणाकडे किती वाजता आला तेच लिहितो. अर्थात खबरेही पैशासाठी रचून सांगत, तेव्हा ताडून घ्यावं लागतं.

तिसरं, कौलाचे आकडे स्मृतीवर लिहू नका. मतदान १६ जानेवारीला. संघप्रदेश राहावा म्हणून १,७२,१९१ आणि महाराष्ट्रात जावं म्हणून १,३८,१७०. फरक ३४,०२१. हे आकडे वेगवेगळ्या स्मरणिकांत वेगवेगळे छापलेले मी पाहिलेत.

---

मस्कतवासी

मूळचा कुडचड्याचा, सध्या मस्कतमध्ये. इथल्या फावल्या वेळात रॉबर्ट कॅरो वाचतोय. अमेरिकेचे अध्यक्ष लिंडन जॉन्सन यांचं चरित्र तो १९७० च्या दशकापासून लिहितोय, चार खंड आले (१९८२, १९९०, २००२, २०१२), पाचव्यावर काम चालू. त्याआधी न्यूयॉर्कच्या रॉबर्ट मोझेसवर १९७४ मध्ये मोठा ग्रंथ. त्या कामात पैसे संपले तेव्हा बायकोने, आयनाने, राहतं घर विकलं. त्याला न विचारता. संशोधनातही त्याची सोबतीण तीच एकटी. कीर एकटे, कॅरो बायकोसह, बाकी दोघांची जिद्द सारखी.

गुरुजींच्या उपयोगाची गोष्ट ही. जॉन्सनचा धाकटा भाऊ सॅम ह्यूस्टन बालपणीच्या मजेदार आठवणी सांगायचा, पण ताडून बघता त्या टिकत नव्हत्या. काही काळाने तो आजारी पडून बदलला, दारू सुटली. तेव्हा कॅरो त्याला जॉन्सन सिटीतल्या त्यांच्या जुन्या घरी घेऊन गेला. घर स्मारक म्हणून जपलेलं. संध्याकाळी, जेवणाच्या टेबलावर तो लहानपणी जिथे बसायचा तिथेच त्याला बसवलं, आणि आपण मागे, त्याला दिसणार नाही असा बसला. वडील आणि भाऊ जेवताना कसे भांडायचे, सांग म्हणाला. भाऊ हळूहळू बोलू लागला आणि मग त्या दोघांचे वाद जसेच्या तसे ओरडून सांगू लागला. नंतर कॅरोने जुन्या मजेदार गोष्टी आणखी तपशिलात सांगायला सांगितल्या, तर तो म्हणाला, त्या नाही सांगता येणार, कारण त्या घडल्याच नाहीत. आणि मग खरं काय ते सांगितलं.

मुलाखतीत समोरचा गप्प बसला की कॅरो आपल्या वहीत स्वतःलाच तोंड बंद ठेवण्याची सूचना लिहितो. शांतता मोडायची नाही, समोरचाच ती भरतो.

तुमच्या घरातलं ते मधलं दार अजून आहे का, गुरुजी?

---

गुरुजी_फोंडा

आहे. कडीसुद्धा आहे. कधीची गंजलीय.

---

डिचोलीची_लेक

मस्कतवासी, सुंदर लिहिलंत. मी तेच वाचून एकदा फार विचारात पडले होते, वेगळ्या जागी. वीज येण्यापूर्वी टेक्ससच्या डोंगराळ भागातल्या बायका विहिरीतून पाणी ओढून कशा कमरेत वाकून गेल्या, यावर तो एक अख्खं प्रकरण लिहितो. जॉन्सनने तिथे वीज आणली म्हणजे नेमकं काय केलं, हे त्या पाठींवरून कळतं. तिथल्या लोकांनी खुलेपणाने बोलावं म्हणून नवराबायको तीन वर्षं तिथे जाऊन राहिली होती.

आपल्याकडे लिहिताना "कूळ कायदा झाला, मुंडकार कायदा झाला" इतक्यावर थांबतात. १९६४ चा कूळ कायदा, मुख्यमंत्री शशिकलाताई काकोडकरांच्या काळातला १९७५ चा मुंडकार (जमीनमालकाच्या जागेत घर करून राहणारा) कायदा, सन बरोबर असतात. पण माझी आजी भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) जागेतल्या खोपीत राहायची. भाटकाराने सांगितलं की पाडेलीच्या (नारळ पाडण्याच्या) दिवशी नारळ गोळा करायला जायचं, पोर तापाने फणफणलं असलं तरी. "उठ म्हटलं तर उठायचं" हे तिच्या बोलण्यात कायम असायचं. कायदा झाल्यावर तिने पहिलं काय केलं असेल? खोपीच्या दारात तुळशीचं पक्कं वृंदावन बांधलं. आधी पक्कं काही बांधायची छाती नव्हती. गुरुजी, तुमच्या माणसाने लोकांसाठी काही केलं असेल तर असलं एखादं वृंदावन शोधून काढा.

---

पेडण्याचो_पूत

ताई, हे तुम्हीच लिहून काढा. वेगळा धागा काढा, मी पहिला वाचक.

---

जुना_वाचक

खरंच लिहा.

कीरांबद्दल मी वर थोडं कठोर लिहिलं, म्हणून काल त्यांचं आंबेडकर चरित्र पुन्हा काढलं. एक गोष्ट नव्याने ध्यानात आली. पुस्तक १९५४ चं. धर्मांतर १९५६ च्या ऑक्टोबरात, महापरिनिर्वाण डिसेंबरात. म्हणजे आज आपण ज्या भागासाठी ते पुस्तक उघडतो, तो पहिल्या आवृत्तीत असणंच शक्य नव्हतं. नायक जगत राहिला आणि चरित्रकाराला पुन्हा लिहायला बसावं लागलं. सावरकरांच्या पुस्तकाचीही सुधारलेली आवृत्ती १९६६ ची, सावरकर गेले त्या वर्षाची. हयात माणसाचं चरित्र लिहायचं म्हणजे एवढी तयारी हवी.

याच ओघात चांगदेव खैरमोडे यांचं नाव घ्यायला हवं. बाबासाहेबांचं मराठी चरित्र त्यांनी खंडामागून खंड लिहिलं, पहिला १९५२ चा. खैरमोडे १९७१ मध्ये गेले, काम पुरं छापून व्हायचं होतं. पुढचे खंड निघावेत म्हणून पत्नी द्वारकाबाई झटल्या. मस्कतवासींनी आयनाचं लिहिलं तेव्हा मला द्वारकाबाई आठवल्या. चरित्रकाराच्या घरातल्या माणसांचं चरित्र कोणी लिहीत नाही.

---

सुमती_मडगाव

गुरुजी, तुमच्या घरी काय म्हणतात?

---

गुरुजी_फोंडा

सौ. म्हणते दोन लोखंडी पेट्या झोपायच्या खोलीत नकोत, बाकी काही हरकत नाही. टंकलेखन तीच करते.

---

बार्देशकार

गुरुजी, मी आधी भलत्याच वाटेने गेलो. माझे आजोबा म्हापशात दोन पानांचे पत्रक वाटायचे. त्यांच्या वहीत त्या काळच्या सभांच्या तारखा आहेत, मोडक्या पोर्तुगीजमिश्रित कोकणीत. तुम्हाला हवी असेल तर फोटो काढून पाठवतो. समोरच्या बाजूचं पण काही असू दे तुमच्याकडे.

---

गुरुजी_फोंडा

बार्देशकार, देव बरें करूं. जरूर पाठवा.

तीन आठवडे इथे फिरकलो नाही, कारण लिहिण्यासारखं काही नव्हतं. आता आहे.

मस्कतवासींचं वाचून मी वहिनींकडे गेलो. मुलगा कामावर गेलेला असताना गेलो, तेही खरं तर बरं नव्हे, म्हणून आधी त्याला फोन करून सांगितलं. वही नेली नाही. त्यांना म्हटलं, मधल्या दाराजवळ बसूया, तिथे वारा येतो. प्रश्न विचारला नाही. बराच वेळ त्या सुपारी कातरत बसल्या. मला दोनतीनदा बोलावंसं वाटलं, नाही बोललो.

मग त्यांनी सांगितलं. निकाल लागला त्या दिवशी यांना, म्हणजे माझ्या चरित्रनायकाला, घास गेला नाही. "त्या दिसा तो जेवलोच ना." दुपारी थोरल्या जावेने या मधल्या दारातून पेज पाठवली, वर खारातलं तोर (मिठात मुरवलेली कैरी). कडी तोवर नव्हतीच. दोन पानं जिंकली होती, पण तिने जिंकल्याचं काही दाखवलं नाही, दीर उपाशी आहे एवढंच तिला कळलं होतं. आणि यांनी ती पेज परत पाठवली. सगळ्यांच्या देखत, चुलीवरच्या बाईला शब्द बोलून. कडी त्या संध्याकाळी थोरल्या भावाने घातली. मी प्रकरणात लिहिलं होतं की ती यांनी घातली. चार वर्षं कागद वाचून मी ते चुकीचं लिहिलं होतं.

घरच्यांना विलीनीकरणाची लाज वाटत नाही. फुलाच्या बाजूने उभं राहिल्याचा त्यांना अभिमानच आहे. त्यांना लपवायची होती ती परत पाठवलेली पेज. हे नंतर सत्तेत बसले, सत्कार झाले, पण त्या पेजेबद्दल वहिनींकडे मरेपर्यंत बोलत राहिले. थोरल्या वहिनीची क्षमा मात्र मागितली नाही, जीभ उचलली नाही म्हणे.

मी विचारलं, हें बरोवं? (हे लिहू का?) त्या म्हणाल्या, मला नको विचारू, तिला विचार. थोरली जाऊ चौऱ्याण्णव वर्षांची आहे, मुलीकडे सावर्ड्याला असते, कान शाबूत आहेत.

---

मस्कतवासी

गुरुजी...

---

डिचोलीची_लेक

वाचून दोनदा मोबाईल खाली ठेवला.

---

जुना_वाचक

त्या पेजेचा उल्लेख ना 'गोमन्तक'मध्ये सापडला असता, ना 'राष्ट्रमत'मध्ये, ना पेट्यांत. मी फडक्यांच्या रीतीचं सांगत होतो, कागदांचं. ते लागतंच. पण हे मला सुचलं नसतं. एकच सुचवतो, थोरल्या वहिनींना आधी पूर्ण प्रकरण वाचून दाखवा, नुसता पेजेचा भाग नको. त्यांच्या नवऱ्याची बाजू तुम्ही कशी मांडलीय ते त्यांना कळू दे.

---

गुरुजी_फोंडा

तसंच करतो. येत्या रविवारी सावर्ड्याला जातोय, मुलगाही येतो म्हणाला. बार्देशकार, तुमच्या आजोबांच्या वहीची पानं त्याआधी मिळाली तर सोबत नेईन, थोरले भाऊ म्हापशाच्या सभांना जायचे असं वहिनी म्हणाल्या. आणि कोणाच्या माळ्यावर १९ ते २१ जानेवारी १९६७ चे 'राष्ट्रमत'चे अंक असतील तर कृपया कळवा. घरात त्या दिवशी कोणता अंक होता, तो त्यांना हातात द्यावासा वाटतो.